मुंबईत मृत्युपत्राला प्रोबेटची सक्ती संपली. पण वाद झालाच तर पुराव्याचे कागद मिळवायचे कसे?

‘आता मृत्युपत्रासाठी कोर्टात जायची गरज नाही’ असा मेसेज तुमच्याही सोसायटीच्या किंवा नातेवाइकांच्या ग्रुपवर येऊन गेला असेल. तो निम्मा खरा आहे. उरलेला निम्मा भाग मात्र घरात वाद असलेल्या माणसाला चांगलाच महागात पडू शकतो.

आधी खरा भाग. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने काही जुने कायदे रद्द करणारा आणि काहींमध्ये दुरुस्ती करणारा कायदा मंजूर केला. त्यात भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ मधलं कलम २१३ काढून टाकण्यात आलं. या कलमामुळे मुंबई, चेन्नई आणि कोलकाता इथल्या हिंदू, बौद्ध, शीख, जैन आणि पारशी लोकांना मृत्युपत्राच्या आधारे कोर्टात हक्क सांगायचा तर आधी प्रोबेट घ्यावं लागायचं. प्रोबेट म्हणजे ‘हे मृत्युपत्र खरं आहे’ असा न्यायालयाचा शिक्का. पुणे, नाशिक, नागपूरमध्ये ही सक्ती तशीही नव्हती. मुसलमानांना ती लागू नव्हती आणि २००२ नंतर ख्रिश्चनांनाही नव्हती. एका देशात शहर आणि धर्म बघून वेगळा नियम कशासाठी, हा सरकारचा मुद्दा होता आणि तो रास्तच आहे.

आता न सांगितलेला भाग. प्रोबेट हे नुसतं झंझट नव्हतं. प्रोबेटसाठी अर्ज करणाऱ्याला मूळ मृत्युपत्र न्यायालयात जमा करावं लागतं. शक्य असेल तर एका साक्षीदाराकडून अर्जाला दुजोरा घ्यावा लागतो, मालमत्तेचा तपशील द्यावा लागतो आणि वारसांना न्यायालयाची नोटीस जाते. थोडक्यात, ज्याला मृत्युपत्राचा फायदा होणार आहे त्यालाच आपले सगळे पत्ते टेबलावर मांडावे लागतात. सक्ती गेल्यामुळे आता त्याला तसं करण्याची गरज नाही. तो मृत्युपत्राची झेरॉक्स घेऊन थेट सोसायटीत, बँकेत, तलाठ्याकडे जाऊ शकतो. ज्याला डावललं गेलंय त्याला मग दिवाणी दावा करावा लागतो आणि कागद शोधत फिरायची वेळ त्याच्यावर येते.

प्रोबेट रद्द झालेलं नाही, ते ऐच्छिक झालंय, हेही लक्षात घ्या. आईवडिलांनी तुमच्या नावे मृत्युपत्र केलं असेल आणि भावंडांत धुसफूस असेल, तर मुंबईत आजही प्रोबेट घेऊन ठेवणं शहाणपणाचं आहे. एकदा ते मिळालं की मृत्युपत्राच्या खरेपणाचा प्रश्न सगळ्यांपुरता मिटतो.

दिल्लीत अशी सक्ती नव्हतीच. तिथे चाललेला संजय कपूर यांच्या मृत्युपत्राचा वाद त्यामुळे बोलका आहे. उद्योगपती संजय कपूर यांचं १२ जून २०२५ रोजी इंग्लंडमध्ये पोलो खेळताना निधन झालं. पुढे २१ मार्च २०२५ या तारखेचं एक मृत्युपत्र समोर आलं. अभिनेत्री करिश्मा कपूर आणि संजय यांच्या दोन मुलांनी ते बनावट असल्याचा आरोप करत दिल्ली उच्च न्यायालयात दावा लावला. संजय यांच्या पत्नी प्रिया कपूर यांनी आरोप फेटाळले आहेत. खरंखोटं न्यायालय ठरवेल, त्यावर इथे मत द्यायचं कारण नाही. पण या प्रकरणातल्या बातम्या नीट वाचल्या तर भांडण किती ठिकाणी कागदांपाशीच अडलंय ते दिसतं. मालमत्तेची यादी बंद पाकिटात द्यायची की उघड, यावर वाद झाला. मृत्युपत्राच्या भाषेवर वाद झाला. पुरुषाच्या मृत्युपत्रात काही जागी स्त्रीलिंगी सर्वनामं कशी, असा सवाल मुलांच्या वकिलांनी केला. जानेवारी २०२६ मध्ये प्रिया कपूर यांनी करिश्मा-संजय यांच्या जुन्या घटस्फोट प्रकरणातल्या कागदांच्या प्रमाणित प्रती मिळाव्यात म्हणून सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. म्हणजे हजारो कोटींच्या वादातही शेवटी ‘कागद दाखवा’ हेच चाललंय.

तुमचा-आमचा वाद मुलुंडच्या वन बीएचकेचा किंवा गावाकडच्या दोन एकरांचा असतो. नियम तेच.

आधी मृत्युपत्राचीच प्रत हातात घ्या

समजा, आई गेली. तेराव्यानंतर थोरला भाऊ म्हणतो, ‘आईने सगळं माझ्या नावावर केलंय, मृत्युपत्र आहे.’ बहीण म्हणते, ‘दाखव.’ भाऊ म्हणतो, ‘वकिलाकडे आहे.’ इथून सुरुवात होते.

मृत्युपत्राची नोंदणी सक्तीची नाही. पण ते नोंदवलेलं असेल तर बहिणीचं काम सोपं आहे. नोंदणी कायदा, १९०८ नुसार मृत्युपत्रं दुय्यम निबंधकाच्या कार्यालयातल्या ‘पुस्तक क्रमांक ३’ मध्ये नोंदवली जातात. मृत्युपत्र करणारी व्यक्ती जिवंत असेपर्यंत त्याची प्रत फक्त तिला किंवा तिच्या मुखत्याराला मिळते. तिच्या मृत्यूनंतर मात्र अर्ज करणाऱ्या कोणालाही ती मिळू शकते. ‘कोणालाही’ हा शब्द कायद्यातलाच आहे. मृत्यूचा दाखला जोडून अर्ज करा. ‘तुम्ही कोण?’ असं खिडकीवर विचारलं गेलं तर कलम ५७ चा उल्लेख करा.

एक घोळ नेहमी होतो. लोक ऑनलाइन इंडेक्स-टू शोधतात, तिथे काही दिसत नाही आणि ‘नोंदणीच झालेली नाही’ असं समजून बसतात. इंडेक्स-टू हा खरेदीखत, बक्षीसपत्र अशा स्थावराच्या दस्तांचा असतो. मृत्युपत्रांची सूची वेगळी असते आणि तिचा शोध कार्यालयातला अधिकारीच घेतो, आपण नाही. त्यामुळे लेखी अर्ज करून शोध घ्यायला सांगायचं. काही जण पाकिटात बंद केलेलं मृत्युपत्र जिल्हा निबंधकाकडे ठेवतात, तेही विचारून घ्या. ठेवणाऱ्याच्या मृत्यूनंतर अर्ज आला की ते पाकीट अर्जदारासमोर उघडलं जातं.

आणि नोंदवलेलंच नसेल तर? तर ते कुठे वापरलं गेलंय ते शोधायचं. मृत्युपत्र कपाटात ठेवून कोणाला काही मिळत नाही. त्याचा फायदा घ्यायचा तर ते कुठेतरी दाखवावंच लागतं आणि दाखवलं की तिथे एक प्रत राहते. शेतजमीन असेल तर फेरफारासाठी तलाठ्याकडे (आता पदाचं नाव ग्राम महसूल अधिकारी) मृत्युपत्राची प्रत जोडलेली असते. मंजूर फेरफाराची आणि त्यासोबतच्या कागदांची नक्कल रीतसर अर्ज करून मागता येते. प्रलंबित फेरफाराच्या नोटिसा महाराष्ट्र शासनाच्या ‘आपली चावडी’ या संकेतस्थळावर गावनिहाय दिसतात. मुंबईत बसूनही कोकणातल्या सातबाऱ्यावर लक्ष ठेवता येतं. मुदतीत लेखी हरकत घेतली की ते प्रकरण तक्रार नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना ६-अ मध्ये जातं आणि मंडळ अधिकाऱ्यासमोर सुनावणी होते. तिथे भावाने जे कागद आणि जबाब दिले ते पुढे दिवाणी न्यायालयात फार उपयोगी पडतात, कारण माणसं महसूल कार्यालयात एक सांगतात आणि कोर्टात दुसरं.

फेरफार मंजूर झाला म्हणून हातपाय गाळू नका. सातबाऱ्यावरच्या नोंदीने मालकी ठरत नाही. मृत्युपत्राच्या आधारे हक्क सांगणाऱ्याने वाद असेल तर दिवाणी न्यायालयात जावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणात पुन्हा स्पष्ट केलं आहे. नॉमिनीचंही साधारण तसंच. ‘कालनिर्णय’चे संस्थापक जयंत साळगावकर यांच्या मृत्युपत्रावरून त्यांच्या कुटुंबात झालेला वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. डिसेंबर २०२३ मधल्या त्या निकालात न्यायालयाने सांगितलं की शेअर्स आणि म्युच्युअल फंडाला नॉमिनी नेमला म्हणून तो मालक होत नाही, वारसाहक्काचा कायदा त्याच्या वर राहतो.

दावा लावल्यावर न्यायालयाकडून कागद कसे काढायचे

‘माहितीचा अधिकार टाकू का?’ हा प्रश्न बहुतेक लोक सगळ्यात आधी विचारतात. सरकारी नोंदींसाठी टाका. पण भावाचं बँक खातं, आईचं प्राप्तिकर विवरण, तिचे वैद्यकीय कागद यासाठी त्या वाटेला जाण्यात अर्थ नाही. विवरणपत्रं ही वैयक्तिक माहिती असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्येच गिरीश देशपांडे प्रकरणात सांगितलं होतं. त्यात डेटा संरक्षण कायद्याने माहिती अधिकाराच्या कायद्यातला वैयक्तिक माहितीचा अपवाद आणखी घट्ट केला आहे. असे कागद न्यायालयामार्फतच मागवायचे.

त्यासाठीची हत्यारं दिवाणी प्रक्रिया संहितेत १९०८ पासून पडून आहेत, आपल्याकडे ती पुरेशी वापरली जात नाहीत इतकंच. समोरच्याने कैफियतीत किंवा प्रतिज्ञापत्रात एखाद्या कागदाचा उल्लेख केला असेल, तर नोटीस देऊन तो पाहायची आणि त्याची प्रत घेण्याची मागणी करता येते (आदेश ११, नियम १५). समोरच्याकडे काय काय आहे हेच माहीत नसेल तर ‘तुमच्या ताब्यातल्या संबंधित सर्व कागदांची यादी शपथेवर द्या’ असा आदेश न्यायालयाकडून मागता येतो (नियम १२). ठरावीक कागद हजर करायला लावता येतो (नियम १४). आदेश मोडला तर शिक्षा कडक आहे: वादी असेल तर दावा निकाली निघू शकतो, प्रतिवादी असेल तर त्याचा बचाव काढून टाकला जाऊ शकतो. प्रत्यक्षात न्यायालयं इतक्या टोकाला सहसा जात नाहीत, पण कलम आहे म्हटल्यावर वकिलांची पत्रव्यवहाराची भाषा बदलते.

कागद तिऱ्हाइताकडे असेल, म्हणजे बँक, हॉस्पिटल, सोसायटी किंवा नोंदणी कार्यालय, तर आदेश १६ खाली त्याला कागद घेऊन येण्याचं समन्स काढता येतं. दुसऱ्या न्यायालयातल्या जुन्या खटल्याचं दप्तरही मागवता येतं (आदेश १३, नियम १०). आईने दहा वर्षांपूर्वी भाडेकरूविरुद्ध दावा केला असेल, तर त्यातल्या तिच्या सह्या आणि जबाब ही सोन्याची खाण आहे.

मात्र अर्ज नेमका हवा. ‘प्रतिवादीच्या सर्व बँक खात्यांचे मागील वीस वर्षांचे उतारे’ अशी मागणी केली तर न्यायाधीश ती अंधारात मारलेला दगड समजून फेटाळतील. ‘मृत्युपत्राच्या तारखेआधी सहा महिने आणि नंतर सहा महिने, आईच्या अमुक शाखेतल्या खात्यावरचे धनादेश, कारण त्या काळात तिला सही करता येत होती का हा वादाचा मुद्दा आहे’ असं लिहिलं तर तोच अर्ज मंजूर होण्याची शक्यता कितीतरी वाढते. कोणता कागद, कोणाकडे, कोणत्या मुद्द्यासाठी, ही तीन उत्तरं अर्जात नसतील तर तो अर्ज करूच नये, असं मला वाटतं. तारखा वाया जातात.

सही, तब्येत आणि साक्षीदार

मृत्युपत्राच्या दाव्यात कागद शोधताना काय सिद्ध करायचंय हे डोक्यात असावं लागतं. कायद्यानुसार मृत्युपत्रावर करणाऱ्याची सही आणि किमान दोन साक्षीदार लागतात. प्रत्येक साक्षीदाराने त्याला सही करताना पाहिलेलं असावं किंवा ‘ही माझीच सही’ असं त्याच्या तोंडून ऐकलेलं असावं. आणि न्यायालयात मृत्युपत्र सिद्ध करायचं तर त्या साक्षीदारांपैकी हयात असलेल्या एकाला तरी पिंजऱ्यात आणावंच लागतं. नोंदणीकृत मृत्युपत्राला यातून सूट नाही. कागद तीस वर्षं जुना आहे म्हणूनही सूट नाही. जुन्या दस्तांबाबतचं ते गृहीतक मृत्युपत्राला चालत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये आणि पुन्हा २०२३ मध्ये सांगितलंय. दोन्ही साक्षीदार गेले असतील तर त्यातल्या एकाचं हस्ताक्षर आणि मृत्युपत्र करणाऱ्याची सही ओळखणारं कोणीतरी आणावं लागतं.

मग नोंदणीचा फायदा काय? जुलै २०२५ मध्ये काही दिवसांच्या अंतराने सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल आले, ते शेजारी ठेवून वाचण्यासारखे आहेत. मेटपल्ली लसुम बाई प्रकरणात न्यायालय म्हणालं की नोंदणीकृत मृत्युपत्र खरं असल्याचं गृहीत धरलं जातं आणि ते खोटं म्हणणाऱ्यावर जबाबदारी येते. तिथे मुलाने वडिलांची सही मान्यच केली होती. गुरदियाल सिंग प्रकरणात मात्र मृत्युपत्रात पत्नीचा साधा उल्लेखही नव्हता. एवढ्या जवळच्या माणसाचं नावही का नाही, या शंकेचं समाधान झालं नाही आणि मृत्युपत्र टिकलं नाही. शंकास्पद परिस्थिती दिसली की ती दूर करण्याची जबाबदारी मृत्युपत्र पुढे करणाऱ्याची, हा नियम १९५९ च्या वेंकटाचल अय्यंगार निकालापासून चालत आला आहे. म्हणून विरोध करणाऱ्याने ‘सही खोटी आहे’ एवढंच ओरडत बसू नये. शंका उभी राहील असे कागद गोळा करावेत.

त्यात पहिला नंबर वैद्यकीय कागदांचा. आणि इथे घाई करायलाच हवी. डॉक्टरांसाठीच्या २००२ च्या नियमांनुसार दाखल रुग्णाचे कागद उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षं जपून ठेवण्याचं बंधन आहे. त्यानंतर हॉस्पिटलने ते नष्ट केले तर तुम्ही फारसं काही करू शकत नाही. रुग्णाने, त्याच्या अधिकृत नातेवाइकाने किंवा न्यायालयासारख्या यंत्रणेने मागितले तर ७२ तासांत द्यावेत असंही त्याच नियमांत आहे. न्यायालयात तारीख मिळेपर्यंत वर्ष निघून जातं, तेव्हा दावा लावायच्या आधीच हॉस्पिटलला लेखी पत्र द्या: ‘वाद होण्याची शक्यता आहे, हे कागद नष्ट करू नयेत.’ पोच घ्या. मृत्युपत्राच्या दिवशी आई अतिदक्षता विभागात होती आणि मृत्युपत्रावर ठिकाण मात्र वकिलाचं ऑफिस आहे, अशी विसंगती नर्सच्या नोंदवहीत सापडते, डिस्चार्ज कार्डावर नाही. म्हणून संपूर्ण केसपेपर मागा.

सहीची तुलना करायची तर तज्ज्ञाला मूळ मृत्युपत्र लागतं, झेरॉक्सवरून दिलेलं मत कमकुवत असतं. आणि तुलनेसाठी त्याच काळातल्या, वाद नसलेल्या सह्या लागतात. पन्नाशीतली पासपोर्टवरची सही आणि ऐंशीव्या वर्षी कंप सुटलेल्या हाताची सही जुळत नाही, यात कोणाचं कारस्थान नसतं. त्या वर्षीचे धनादेश, पेन्शनचा हयातीचा दाखला, बँकेतलं सहीचं कार्ड शोधा. बँकेच्या खातेवह्यांबाबत १८९१ चा जुना बँकर्स बुक्स एव्हिडन्स ॲक्ट अजून लागू आहे. बँकेने प्रमाणित केलेला उतारा पुराव्यात चालतो आणि खटल्यातला पक्षकार न्यायालयाकडे नोंदी पाहून प्रती घेण्याचा आदेश मागू शकतो.

व्हॉट्सॲप, व्हिडिओ आणि सीसीटीव्हीचं काय? नुसती स्क्रीनशॉटची प्रिंट पुरत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे सोबत प्रमाणपत्र लागतं. त्याचे आता दोन भाग आहेत, एक देणाऱ्याचा आणि एक तज्ज्ञाचा, आणि त्यात फाइलचं हॅश मूल्यही नमूद करावं लागतं. हे प्रमाणपत्र अनिवार्य असल्याचा निकाल जुन्या कायद्याखाली जालन्याच्या निवडणुकीवरून लागला होता, अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल, जुलै २०२०. तिथे व्हिडिओचं प्रमाणपत्र अधिकाऱ्यांकडे वारंवार मागूनही मिळालं नव्हतं. न्यायालयाने सांगितलं की समोरचा देत नसेल तर न्यायालयाकडे अर्ज करा, न्यायालय ते मागवेल. राजकारणी भांडले, फायदा सगळ्यांना झाला, असे प्रसंग कमीच. सीसीटीव्हीचं चित्रण मात्र थोड्याच दिवसांत पुसलं जातं, त्यासाठी जपून ठेवण्याचं पत्र पहिल्याच आठवड्यात गेलं पाहिजे. आणि मोबाइल बदलताना जुना हँडसेट विकू नका.

समोरच्याने कागद दिलाच नाही तर?

याचं उत्तर कल्याणजवळच्या हाजी मलंग दर्ग्याच्या एका जुन्या खटल्यात आहे. गोपाळ कृष्णाजी केतकर विरुद्ध मोहम्मद हाजी लतीफ या १९६८ च्या निकालात प्रश्न जमिनीच्या मालकीचा होता आणि हिशेबाच्या वह्या केतकरांच्या ताब्यात असूनही पुढे आल्या नव्हत्या. सिद्ध करण्याची जबाबदारी आमच्यावर नव्हती, ही सबब सर्वोच्च न्यायालयाने ऐकली नाही. ज्याच्याकडे महत्त्वाचा पुरावा आहे त्याने तो दडवला तर तो त्याच्या विरुद्ध जाणारा होता असं न्यायालय मानू शकतं. आजही या निकालाचा दाखला दिला जातो. पण हा फायदा घ्यायचा तर आधी तो कागद तुम्ही रीतसर मागितलेला असावा लागतो. नोटीस नाही, अर्ज नाही आणि शेवटच्या युक्तिवादात ‘त्यांनी डॉक्टरांचे कागद लपवले’ असं म्हटलं तर न्यायाधीश पहिला प्रश्न विचारतील, तुम्ही कधी मागितले होते?

वेळेचं गणित साक्षीदारांनाही लागू आहे. मृत्युपत्रावर सही करणारे साक्षीदार बहुधा करणाऱ्याच्याच वयाचे असतात, शेजारचे काका किंवा जुने स्नेही. दावा साक्षीपर्यंत यायला वर्षं जातात. साक्षीदार थकलेला किंवा आजारी असेल तर त्याची साक्ष लगेच नोंदवावी, असा अर्ज दाव्याच्या सुरुवातीलाच करता येतो (आदेश १८, नियम १६). तो घराबाहेर पडू शकत नसेल तर कोर्ट कमिशनर त्याच्या घरी जाऊन साक्ष आणि उलटतपासणी नोंदवतो. हा अर्ज कोणत्याही बाजूला करता येतो, मृत्युपत्र खरं म्हणणाऱ्यालाही आणि खोटं म्हणणाऱ्यालाही.